वाठोड्याचा तुकडा

भाऊ दोघे, निमजे, पाचपावलीचे.
चपला दाराच्या दोन बाजूंना काढून आत आले.
मधे आत्या, भागरताबाई.
थोरल्याच्या हातात पिशवी, पिशवीत कागद,
कागदावर बाबांचं अक्षर.
ओळखलंच मी. सहाला एवढी लांब शेपूट
नागपुरात दुसरं कोणी काढत नसेल.

"तुमच्या बाबांनी मोजलं होतं जी, अठ्ठ्याहत्तर साली.
तिकोना धाकट्याचा, भवतालचं माझं.
मग नाला वळवला, दगड गेले,
अन् कोर्टात दहा वर्षं निऱ्या तारखा."

टिप्पणात आकडे तीन.
विहिरीपासून चिंच: शंभर फूट.
चिंचेपासून धुऱ्यावरचा दगड: साठ.
विहिरीपाशी कोन: तीस अंश.
बास. खाली सही.

हे मी अकरावीला शिकवते,
नंदनवनात, वरच्या माळ्यावर, सकाळी साडेसहाच्या बॅचला.
कोन दोन भुजांच्या मधला असला की भांडण नाही.
मधला नसला, तर आधी उंची काढायची.
शंभराचे अर्धे पन्नास.
साठ हे पन्नासाहून मोठे, शंभराहून लहान,
म्हणजे फसलो.

फरशीवर खडूनं धुरा ओढला.
आत्याच्या बटव्यात सूत निघालं, विणकराच्या घरचं,
साठ सेंटीमीटर मोजून तोडलं.
धाकट्याला म्हटलं, चिंचेवर बोट ठेव, हलवू नको.
दुसरं टोक मी फिरवलं.
धाग्यानं खडूची रेघ गाठली विहिरीजवळ,
रेघ ओलांडून खाली गेला, परत वर आला,
अन् दूर तिकडे, कपाटाच्या पायाशी, पुन्हा गाठली.

"दोनदा काहून?" थोरला.

छप्पन्न अंशांचा साइन आणि एकशे चोवीसचा
एकच असतो, मी म्हणाले.
त्याला ते पटलं नाही. पटायचं कारणही नव्हतं.
इकडचा दगड धरला तर तेराशे छत्तीस चौरस फूट,
तिकडचा धरला तर तीन हजाराला सहा कमी.
दोन्ही बाबांच्या आकड्यांत बसतात. दोन्ही बरोबर.
एक शब्द लिहायचा राहिला होता,
लघुकोन की विशालकोन, एवढाच,
आणि त्या एका शब्दात आता तीन खोल्या बांधता येतात.

बाबा कूलरपुढे बसलेले.
कागद त्यांच्या मांडीवर ठेवला.
सहावरून बोट फिरवलं त्यांनी, शेपटीच्या टोकापर्यंत.
"मे होता," म्हणाले. "सेहेचाळीस अंश."
मला वाटलं कोन सांगताहेत.

मग आत्या बोलली. येऊन अर्धा तास झाला होता,
तोवर तिनं फक्त पाणी मागितलं होतं.
"साखळीचं टोक मीच धरलं होतं.
आठ वर्षांची होती. दगडावर उभी.
चिंचेकडे पाहा म्हणे साहेब, हलू नको.
अन् ऊन असं डोळ्यात, असं डोळ्यात."

मी खडूच्या रेघेपाशी बसले.
धुरा पश्चिमेकडून पूर्वेला, चिंच उत्तरेला.
जवळच्या दगडावरून चिंच उगवतीकडे दिसते,
दूरच्या दगडावरून मावळतीकडे.
छातीत धडधडलं माझ्या, खरं सांगते,
पेपरात गणित सुटताना धडधडतं तसं.
आत्या, सकाळ होती की संध्याकाळ?

तिनं डोळे मिटले. भावांनी श्वास धरला.
"सकाळ," म्हणाली. मग, "नाही थांब.
गाई परतत होत्या का? गाई होत्या.
जात होत्या की येत होत्या, बापा,
ते नाही आठवत."

"दुपार होती," बाबा म्हणाले, कूलरकडेच बघत.

दुपारचं ऊन डोळ्यात जात नाही. डोक्यात जातं.

चहा झाला. दोघे पुढे-मागे जिना उतरले.
आत्यानं सूत नेलं नाही.
मी बोटाला गुंडाळून ठेवलं, फरशी पुसली,
कपाटाच्या पायाशी खडूचा ठिपका राहिलाय थोडा.

उद्याच्या बॅचला हाच प्रकार आहे.
दोन्ही उत्तरं लिहा, सांगीन,
एकच लिहिलं तर गुण कापतात.